आंद्रेस इनिएस्ता: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फुटबॉलच्या गप्पांमध्ये मेस्सी आणि रोनाल्डोचा विषय निघाला की थोड्या वेळाने कुणीतरी इनिएस्ताचं, म्हणजे स्पेन आणि बार्सिलोना क्लबच्या मधल्या फळीत खेळलेल्या खेळाडूचं, नाव काढतोच. मग प्रश्न सुरू होतात, आणि बहुतेक वेळा ते सारखेच असतात. ज्यांनी त्याला खेळताना पाहिलं नाही अशा नव्या मुलांसाठी, आणि ज्यांनी पाहिलं पण बाकीची गोष्ट ऐकली नाही अशांसाठी, ही उत्तरं एका जागी लिहून ठेवतो आहे.

त्याचं पूर्ण नाव काय आणि तो मूळचा कुठला?

आंद्रेस इनिएस्ता लुहान. जन्म ११ मे १९८४. पुष्कळ जण त्याला बार्सिलोनाचाच, म्हणजे कातालोनियाचा समजतात, पण तसं नाही. तो ला मांचा भागातला, अल्बासेते प्रांतातल्या फुएन्तेआल्बिया या गावचा. गाव जेमतेम दोन हजार वस्तीचं, आजूबाजूला द्राक्षाचे मळे. वडील गवंडीकाम करायचे आणि आजोळचं गावात एक छोटं खाणावळवजा बार होतं. शाळेच्या आवारात आणि गावातल्या सिमेंटच्या मैदानावर तो खेळायला शिकला. चेंडू पायाला चिकटून ठेवायची सवय अशाच जागी लागते, असं मला नेहमी वाटतं. जागा कमी, खाली टणक जमीन आणि समोर वयाने मोठी मुलं.

मग तो बार्सिलोनाला पोहोचला कसा?

आठ-नऊ वर्षांचा असताना त्याला अल्बासेते क्लबच्या मुलांच्या संघात घेतलं. सरावासाठी गावापासून चाळीसेक किलोमीटर जायचं आणि तेवढंच परत यायचं. १९९६ मध्ये माद्रिदजवळच्या ब्रुनेते इथे लहान मुलांची सात-सात खेळाडूंची मोठी स्पर्धा झाली. स्पेनमधल्या नावाजलेल्या क्लबांचे संघ तिथे होते. त्या स्पर्धेत हा बारीक चणीचा, पांढराफटक मुलगा सर्वोत्कृष्ट खेळाडू ठरला आणि बार्सिलोनाच्या माणसांच्या नजरेत भरला.

बोलावणं आलं ते ला मासियाचं. ला मासिया म्हणजे १७०२ साली बांधलेलं दगडी शेतघर, काम्प नोउ स्टेडियमला अगदी लागून. बाहेरगावच्या मुलांसाठी क्लबने त्याचं वसतिगृह केलं होतं. बारा वर्षांच्या आंद्रेसला आई-वडिलांनी तिथे सोडलं तेव्हा तो ढसाढसा रडला. तो दिवस आपल्या आयुष्यातला सगळ्यात वाईट दिवसांपैकी होता, असं त्याने मोठेपणी अनेकदा सांगितलं आहे. त्या रात्री आई-वडील जवळच्याच हॉटेलात थांबले होते. वडिलांचा धीर सुटला, सकाळी पोराला घेऊन सरळ गावी जाऊ म्हणाले. आईने त्यांना अडवलं. निदान त्याला एक संधी तरी मिळू दे, एवढंच तिचं म्हणणं. स्पेनच्या फुटबॉलचा इतिहास त्या हॉटेलच्या खोलीत अडकला होता असं म्हटलं तर ते फार वाढवून सांगणं होणार नाही.

पुढे कित्येक महिने तो रात्री रडायचा. आपल्याकडे क्रीडा प्रबोधिनीत किंवा आश्रमशाळेत लहानपणी राहिलेल्या कुणालाही ही गोष्ट वेगळी समजावून सांगावी लागत नाही.

मोठ्या संघात त्याला कधी घेतलं?

पहिला सामना २९ ऑक्टोबर २००२ ला, चॅम्पियन्स लीग या युरोपातल्या क्लबांच्या सगळ्यात मोठ्या स्पर्धेत बेल्जियमच्या क्लब ब्रुगविरुद्ध. प्रशिक्षक होते लुई व्हान खाल. त्याआधीच क्लबमध्ये त्याचा बोलबाला झाला होता. १९९९ मध्ये मुलांच्या एका मोठ्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत तो बार्सिलोनाचा कर्णधार होता. अंतिम सामना काम्प नोउवर झाला, विजयी गोल त्यानेच केला आणि चषक हातात दिला तो बार्सिलोनाचा तेव्हाचा कर्णधार (आणि पुढे प्रशिक्षक) पेप ग्वार्दिओलाने, म्हणजे ज्याचं पोस्टर त्याच्या खोलीत असायचं त्यानेच. याच सुमाराला ग्वार्दिओलाने संघातल्या चावी एर्नान्देस या तरुण खेळाडूला सांगितलं होतं, की तू मला निवृत्त करशील, पण हा पोरगा आपल्या दोघांनाही करेल.

तरी जागा पक्की व्हायला वेळ लागला. पुढचे प्रशिक्षक फ्रँक रायकार्ड यांच्या काळात तो कधी डावीकडे, कधी मधे, कधी पुढे असा लागेल तिथे खेळला. २००६ ची चॅम्पियन्स लीग फायनल पॅरिसमध्ये आर्सेनलविरुद्ध होती, त्यातही तो सुरुवातीला बाकावर होता. मध्यंतराला मैदानात आला आणि सामन्याचा रंग बदलला. बार्सिलोना २-१ जिंकली. त्या काळात त्याने कुरकुर केल्याचं कुणी ऐकलं नाही.

तो आणि चावी एकाच जागी खेळायचे का? दोघांत फरक काय?

दोघेही मधल्या फळीतले, पण जात वेगळी. चावी सामन्याचा ठेका धरायचा. चेंडू आला की दिला, पुन्हा मागितला, पुन्हा दिला. इनिएस्ता चेंडू घेऊन माणसाच्या अंगावर जायचा. समोरचा एक जण हुकला की बाकीच्या सगळ्यांना जागा सोडावी लागते, आणि ती पोकळी त्याला हवी असायची. चावीच्या डावीकडे, थोडा पुढे, ही त्याची आवडती जागा. स्पेनकडून मात्र तो बऱ्याचदा डाव्या कडेने सुरुवात करून आत यायचा.

उंची १ मीटर ७१ सेंटीमीटर. फार वेगवान नाही, अंगाने दणकट तर नाहीच. त्याची खरी ताकद थांबण्यात होती. स्पॅनिशमध्ये याला 'ला पाउसा' म्हणतात. चेंडू पायाशी असताना क्षणभर काहीच करायचं नाही. समोरचा गोंधळतो, पुढे येतो किंवा वजन एका पायावर टाकतो, आणि त्याच क्षणी पास निघतो. अंगावर धटिंगण बचावपटू धावून येत असताना थांबायला किती काळीज लागतं, हे मैदानात उतरल्याशिवाय कळत नाही.

'क्रोकेता' म्हणजे नेमकी कुठली चाल? मुलांना शिकवता येते का?

येते. क्रोकेता हा खरं तर स्पेनमधला तळलेला पदार्थ, पण फुटबॉलमध्ये ते नाव एका ड्रिबलला पडलं. ही चाल आधी गाजवली ती बार्सिलोनाच्याच मायकल लाउड्रुपने. लहान आंद्रेस त्याला बघत मोठा झाला.

चाल अशी: चेंडू उजव्या पायाच्या आतल्या बाजूला आहे. समोरचा खेळाडू पाय लांब करतो. त्याचा पाय जमिनीवरून सुटला, की उजव्या पायाच्या आतल्या बाजूने चेंडू डावीकडे सरकवायचा आणि लगेच डाव्या पायाच्या आतल्या बाजूने पुढे ढकलायचा. टप-टप, दोनच स्पर्श. चेंडू एका पायावरून दुसऱ्या पायावर जातो आणि पाठोपाठ अंगही त्याच फटीतून निघतं. अंगणात दोन चपला वीतभर अंतरावर ठेवून आधी चालत करायला लावा, मग धावत. मुलं चुकतात ती पायांमुळे नाही, घाईमुळे. पलीकडच्याचा पाय पुढे यायच्या आत चेंडू हलवला, तर तो सहज काढून घेतो. इनिएस्ता त्या पायाची वाट बघायचा.

एवढा मोठा खेळाडू, मग गोल इतके कमी का?

बार्सिलोनाकडून ६७४ सामन्यांत ५७ गोल, स्पेनकडून १३१ सामन्यांत १३. आकडे बघून नवी मुलं नाक मुरडतात. पण गोल करणं हे त्याचं काम नव्हतंच. गोल करणाऱ्याला मोकळं करणं हे त्याचं काम. शिवाय जे केले ते कुठल्या वेळी केले, हेही बघायला हवं.

६ मे २००९, लंडनचं स्टॅमफर्ड ब्रिज, चेल्सीविरुद्ध चॅम्पियन्स लीगचा उपांत्य सामना. पहिला सामना ०-० सुटला होता. इथे एसियनने नवव्या मिनिटालाच जबरदस्त फटका मारून चेल्सीला आघाडी मिळवून दिली. पुढे बार्सिलोनाच्या आबिदालला रेड कार्ड मिळालं, संघ दहा जणांवर आला. नव्वद मिनिटं संपली तरी बार्सिलोनाचा एकही फटका गोलच्या चौकटीत गेला नव्हता. त्या रात्री चेल्सीची पेनल्टीची अनेक अपिलं फेटाळली गेली आणि त्यांच्या चाहत्यांचा राग आजही रास्त आहे, हे मी बार्सिलोनाचा चाहता असूनही मान्य करतो. मग ९३ व्या मिनिटाला मेस्सीने डी च्या, म्हणजे गोलसमोरच्या पेनल्टी चौकटीच्या, कडेला चेंडू मागे दिला. इनिएस्ताने तो थांबवलाही नाही. उजव्या पायाने आल्या चेंडूवर मारला तो थेट वरच्या कोपऱ्यात. १-१, आणि बरोबरी झाली तर प्रतिस्पर्ध्याच्या मैदानावर केलेला गोल जास्त मोजायचा, या तेव्हाच्या नियमाने बार्सिलोना अंतिम फेरीत. एरवी शांत असणारा हा माणूस जर्सी काढून हवेत फिरवत कोपऱ्याकडे धावत सुटला.

त्याला नैराश्य आलं होतं हे खरं का?

हो, आणि ते त्याने स्वतः उघडपणे सांगितलं आहे. मला त्याच्याबद्दल सगळ्यात जास्त आदर यासाठी वाटतो.

काळ बघा. मे २००९ मध्ये बार्सिलोनाने लीग, कोपा देल रेय (स्पेनचा राष्ट्रीय चषक) आणि चॅम्पियन्स लीग असे तिन्ही चषक जिंकले. रोमच्या फायनलमध्ये तो मांडीचा स्नायू दुखावलेला असताना खेळला. गोलवर जोरात फटका मारायचा नाही, अशी त्याला ताकीद होती. तरी एटोच्या गोलसाठी पास त्याचाच. म्हणजे खेळाडू म्हणून सगळं मिळालं होतं. आणि त्याच उन्हाळ्यात त्याच्या आत काहीतरी विझत गेलं. दुखापत बरी होत नव्हती, मन कशातच लागेना. ८ ऑगस्टला बातमी आली, की बार्सिलोना शहरातल्याच एस्पान्योल क्लबचा कर्णधार दानी हार्के इटलीत सराव शिबिरात असताना हृदयविकाराने गेला. वय २६. स्पेनच्या युवा संघांपासूनचा त्याचा मित्र.

त्यानंतर तो पार खचला. पंचविशीतला, जगज्जेत्या क्लबचा खेळाडू एका रात्री आई-वडिलांच्या खोलीत गेला आणि तुमच्याजवळ झोपू का म्हणून विचारलं. आपल्या घरातल्या कुणी असं विचारलं तर आपण काय करू, हे मी ते वाचल्यापासून पुष्कळदा मनात घोळवलं आहे. त्याने मानसोपचारतज्ज्ञांची मदत घेतली, क्लबने त्याला सांभाळून घेतलं, ग्वार्दिओलाने सरावातून हवं तेव्हा निघून जायची मोकळीक दिली. आपल्या मुलांना क्रोकेता शिकवताना ही गोष्टही सांगावी असं मला मनापासून वाटतं.

२०१० च्या विश्वचषकातला तो गोल नेमका कसा झाला?

दक्षिण आफ्रिकेत स्पेनची सुरुवातच पराभवाने झाली. १६ जूनला डर्बनमध्ये स्वित्झर्लंडकडून ०-१, आणि त्याच सामन्यात इनिएस्ता पुन्हा जखमी. होंडुरासविरुद्ध तो खेळलाच नाही. चिलीविरुद्ध परतला आणि गोल केला. पुढे पोर्तुगाल, पराग्वे आणि जर्मनी, तिघांवर १-० असेच विजय.

११ जुलैला जोहान्सबर्गच्या सॉकर सिटीत अंतिम सामना नेदरलँड्सशी. सामना फार राकट झाला. डझनाहून जास्त पिवळी कार्डं निघाली. निर्धारित वेळ ०-० संपली. जादा वेळेत इनिएस्ताला पाडल्याबद्दल हायटिंगाला दुसरं पिवळं कार्ड मिळून तो बाहेर गेला. आपल्याकडे तेव्हा १२ तारीख लागून रात्रीचे अडीच वाजत आले होते. टीव्हीचा आवाज बारीक करून जागे असलेले आपल्यातले अनेक जण आता पेनल्टी शूटआउटच होणार म्हणून उशी टेकून बसले होते.

११६ वं मिनिट. हेसुस नवास उजव्या कडेने चेंडू घेऊन धावत सुटला. चेंडू मधे आला तेव्हा इनिएस्ताने टाचेने तो पुढे चालता ठेवला आणि स्वतः पुढे निघाला. डावीकडून टोरेसने त्याच्या दिशेने चेंडू टाकला, तो डच खेळाडूंनी अडवला खरा, पण नीट काढला नाही. डी च्या तोंडाशी फाब्रेगास होता. त्याने उजवीकडे पास दिला. इनिएस्ताने चेंडू थांबवला आणि चेंडूने टप्पा घेतला. इथे त्याने तेच केलं जे आयुष्यभर केलं होतं: थांबला. चेंडू वरून खाली यायला जेवढा वेळ लागतो तेवढाच, आणि खाली येताच उजव्या पायाने मारला. गोलरक्षक स्टेकेलेनबर्गचा हात चेंडूला लागला तरी चेंडू जाळ्यात. त्या क्षणी आपल्याला शांतता ऐकू आली, असं त्याने नंतर सांगितलं. स्टेडियममध्ये ऐंशी हजारांहून जास्त माणसं होती आणि वुवुझेला, म्हणजे तिथले कर्कश भोंगे, वाजत होते.

जर्सीखाली काय लिहिलं होतं? आणि पिवळं कार्ड का मिळालं?

जर्सी काढली तेव्हा आतल्या पांढऱ्या बनियनवर हाताने लिहिलेलं दिसलं: 'दानी हार्के, सदैव आमच्यासोबत'. गोलनंतर जर्सी काढली की कार्ड द्यायचं हा नियम. पंच हॉवर्ड वेब यांनी ते दिलं. ते पिवळं कार्ड मिळाल्याचं दुःख इनिएस्ताला कधी झालं असेल असं वाटत नाही.

हार्के हा एस्पान्योलचा, आणि एस्पान्योल म्हणजे बार्सिलोनाचा शहरातला कट्टर वैरी. पण त्याच वर्षी डिसेंबरमध्ये बार्सिलोना त्यांच्या मैदानावर गेली तेव्हा अख्खं स्टेडियम इनिएस्तासाठी उभं राहून टाळ्या वाजवत होतं. सामना बार्सिलोनाने ५-१ जिंकला, तरी. २०१५ मध्ये रेआल माद्रिदच्या बेर्नाबेउ मैदानावर ४-० च्या विजयात गोल करून तो बाहेर पडला, तेव्हा तिथल्या प्रेक्षकांनीही टाळ्या दिल्या. शत्रूच्या घरात असा मान फार थोड्यांना मिळतो.

त्याला बलोन द'ओर, म्हणजे वर्षातल्या सर्वोत्कृष्ट फुटबॉलपटूचा पुरस्कार, का मिळाला नाही?

२०१० मध्ये मेस्सी पहिला, इनिएस्ता दुसरा, चावी तिसरा. तिघेही ला मासियाचे. २०१२ मध्ये इनिएस्ता तिसरा. त्या वर्षी तो युरो या युरोपातल्या देशांच्या स्पर्धेचा सर्वोत्कृष्ट खेळाडू होता आणि युएफा या युरोपच्या फुटबॉल संघटनेने त्याला युरोपातला वर्षाचा सर्वोत्कृष्ट खेळाडूही ठरवलं होतं. माझं मत विचाराल तर २०१० चा त्याला मिळायला हवा होता. हा पुरस्कार देणाऱ्या 'फ्रान्स फुटबॉल' मासिकाने २०१८ मध्ये संपादकीय लिहून त्याची माफी मागितली, यातच सगळं आलं.

एकूण किती चषक जिंकले?

बार्सिलोनाकडून ३२. त्यात ९ लीग आणि ४ चॅम्पियन्स लीग (२००६, २००९, २०११, २०१५). स्पेनकडून युरो २००८, विश्वचषक २०१० आणि युरो २०१२. विश्वचषक २०१०, युरो २०१२ आणि चॅम्पियन्स लीग २०१५ या तिन्ही अंतिम सामन्यांत सामनावीर तोच.

बार्सिलोना सोडल्यावर काय केलं?

शेवटचा सामना २० मे २०१८ ला रेआल सोसिएदादविरुद्ध. सगळे सोहळे उरकले, दिवे मंदावले, प्रेक्षक घरी गेले. मध्यरात्र उलटून गेल्यावर तो अनवाणी मैदानात आला आणि मधल्या वर्तुळात एकटाच बसून राहिला. रिकाम्या खुर्च्यांसमोर बसलेल्या त्या माणसाचा फोटो शोधून बघाच. बारा वर्षांचा असताना ज्या मैदानाशेजारी तो रात्री रडत झोपायचा, तेच हे मैदान.

पुढे तो जपानच्या विस्सेल कोबे क्लबकडे गेला. १ जानेवारी २०२० ला या क्लबने टोकियोच्या नव्या राष्ट्रीय स्टेडियममध्ये एम्परर्स कप जिंकला. त्यांचा हा पहिला मोठा चषक. त्याच वर्षी आशियाई चॅम्पियन्स लीगमध्ये मांडी दुखत असतानाही शूटआउटची पेनल्टी मारायला तो उभा राहिला, गोल केला आणि मग शस्त्रक्रिया करून घ्यावी लागली. २०२३ मध्ये कोबे सोडून एक मोसम संयुक्त अरब अमिरातीतल्या एमिरेट्स क्लबकडून खेळला. ८ ऑक्टोबर २०२४ ला निवृत्ती जाहीर केली. आठ नंबरची जर्सी घालणाऱ्या माणसाने आठ तारीख निवडली.

अल्बासेते क्लबला त्याने वाचवलं म्हणतात, ते काय?

लहानपणीचा हा क्लब कर्जात बुडाला होता. इनिएस्ताने आधी त्याचे समभाग घेतले आणि २०१३ मध्ये खेळाडूंचे पगार थकल्यामुळे क्लब खालच्या विभागात ढकलला जाणार होता, तेव्हा २ लाख ४० हजार युरो दिले. गावी त्याच्या कुटुंबाचे द्राक्षमळे आणि वाइनचा कारखानाही आहे.

आपल्या फुटबॉलशी त्याचा काही संबंध आहे का?

थेट नाही. पण ज्या शाळेत तो घडला तिचे धडे आपल्याकडे पोहोचले आहेत. बार्सिलोनाच्या युवा संघांबरोबर काम केलेले सर्हिओ लोबेरा २०१७ पासून एफसी गोवाचे प्रशिक्षक होते. फातोर्ड्याच्या मैदानावर छोट्या पासचा खेळ त्यांनी रुजवला, आणि मग मुंबई सिटीला २०२०-२१ मध्ये इंडियन सुपर लीगची शील्ड (साखळीत पहिलं येणाऱ्याला मिळते ती) आणि विजेतेपद दोन्ही मिळवून दिलं. बार्सिलोनाच्या 'ब' संघात खेळलेला मध्यरक्षक एदू बेदिया गोव्याचा कर्णधार झाला. एप्रिल २०२१ मध्ये मडगावातच इराणच्या पर्सेपोलिसविरुद्ध त्याने डोक्याने गोल केला. आशियाई चॅम्पियन्स लीगच्या गट फेरीत भारतीय क्लबचा तो पहिला गोल. आणि २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात स्पेनच्या मुलांनी मालीला ३-१ हरवलं तो उपांत्य सामना झाला होता नवी मुंबईत, नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर.

पहिल्यांदाच त्याला पाहायचं असेल तर कुठला सामना पाहू?

गोलच्या क्लिप्स नकोत. युरो २०१२ ची फायनल पूर्ण बघा, इटलीवर ४-० चा विजय. चौदाव्या मिनिटाचा सिल्वाचा गोल आला की मागे जाऊन पुन्हा बघा. इनिएस्ता बचावाच्या फटीतून फाब्रेगासला पास देतो, फाब्रेगास कडेपर्यंत जाऊन मागे टाकतो, सिल्वा डोक्याने गोल करतो. तिसऱ्यांदा बघताना चेंडूकडे लक्ष देऊ नका. पास द्यायच्या आधी इनिएस्ताच्या समोरचे निळे शर्ट कुठल्या बाजूला झुकतात, तेवढंच बघा.